कोपरा दिसतो, सांगितलं

माझ्या मावशीला काही म्हणजे काही विसरता येत नाही. हे मी कौतुकानं सांगत नाहीये, तक्रार करतेय. तिच्याबरोबर एका घरात बावीस वर्षं काढून बघा म्हणजे कळेल. आपण म्हणावं, ‘मी कधी असं बोलले?’ की ती डोळे अर्धवट मिटून सुरू: ‘गेल्या सोमवारी. खिडकीपाशी उभी होतीस, डाव्या हातात कप, केस ओले, चहा अर्धा झालेला.’ आता अशा बाईशी माणसानं भांडायचं तरी कसं?

पण तिचं कामच ते होतं. सिनेमात एक प्रसंग आज अर्धा घेतात, उरलेला आठ दिवसांनी. मधल्या काळात हिरोच्या शर्टाचं वरचं बटण उघडं होतं की बंद, मेणबत्ती किती जळली होती, पिशवी कुठल्या खांद्याला होती, हे सगळं कुणीतरी लक्षात ठेवावं लागतं. नाहीतर माणूस घरातून निघतो निळ्या मोज्यांत आणि रस्त्यावर पोचतो काळ्या मोज्यांत. या कामाला कंटिन्युइटी म्हणतात. मावशीनं ते एकतीस वर्षं केलं. सेटवर तिला सगळे नोंदबाई म्हणायचे. कॅमेऱ्याच्या शेजारी एक बुटकं स्टूल, मांडीवर लांबट वही, गळ्यात दोरीला बांधलेलं पेन. वहीत चार रकाने: शॉट, टेक, काय दिसलं, आणि शेरा. टेक जमला तर शेरा ‘ओके’, फुकट गेला तर ‘एनजी’.

तिचे दोन नियम होते. लिहिलेलं खोडायचं नाही. आणि वहीत स्वतःला आणायचं नाही. ‘घड्याळ काढलं’, ‘दिवा सरकवला’, ‘सांगितलं’, असंच लिहायची. कुणी काढलं, कुणी सरकवला, कुणी सांगितलं, याचा पत्ता नाही. ती म्हणायची, ‘वही वस्तूंची असते गं, माणसांची नाही.’

मी बाजारपेठेच्या कोपऱ्यावर झेरॉक्सचं दुकान चालवते. दिवसभर दुसऱ्यांच्या कागदांवर झाकण ठेवायचं आणि काढायचं. गिऱ्हाईक नसलं की मी फोनवर डॉक्युमेंट्री बघते. आणि हल्ली डॉक्युमेंट्र्या कसल्या, तर सिनेमावाल्यांच्याच! पूर्वी लोक पिक्चर बघायचे, आता पिक्चरच्या मागची भानगड बघतात. कुठली नटी शेवटी एकटी कशी पडली, कुठला गाणारा कुणी बुडवला, कुठल्या सेटला आग कशी लागली. दर आठवड्याला नवीन. शेजारचा औषधवाला, समोरची शिंपीण, सगळे त्यावरच बोलतात. मला तर त्याचं व्यसनच लागलं होतं. खोटं कशाला बोलू? घरात खरीखुरी सिनेमातली बाई असून तिला कुणी विचारत नाही, याचा मला रागही यायचा.

आणि एका दुपारी मी हात दाखवून अवलक्षण करून घेतलं. उंचावरून उड्या मारणाऱ्या, नायकाच्या जागी मार खाणाऱ्या स्टंटवाल्यांवर एक डॉक्युमेंट्री येणार होती. तिच्या जाहिरातीखाली मी लिहिलं: ‘पारव्याच्या शेवटच्या उडीच्या दिवशी माझी मावशी तिथे होती. तिच्याकडे वही आहे.’

पारवा म्हणजे कोण, ते सांगते. उंचावरून असा अलगद यायचा म्हणून त्याला पारवा म्हणायचे. उडी मारायच्या आधी तो हातातलं घड्याळ काढून मावशीकडे द्यायचा, कारण नायकाच्या हातात घड्याळ नसायचं. ‘ताई, सांभाळा, खाली आलो की घेतो,’ म्हणायचा. चौतीस वर्षांपूर्वी एका सकाळी दुसऱ्या मजल्याच्या गच्चीतून उडी मारताना तो खाली अंथरलेल्या गादीच्या काठावर पडला आणि गेला. वय एकतीस. कंपनीनं सगळ्यांना सांगितलं की त्यानं घाई केली, इशाऱ्याचा रुमाल खाली यायच्या आधीच झेप घेतली. मेलेला माणूस काय बोलणार? त्याचीच चूक, असं ठरून गेलं.

त्याची बायको सिनेमाच्या कपडेपटात इस्त्री करायची. आम्ही तिला वहिनी म्हणतो. आठ दिवसांनी मावशी ते घड्याळ परत द्यायला तिच्याकडे गेली आणि तिथून दोघींची जी गाठ पडली ती पडली. दर रविवारी चार वाजता वहिनी आमच्याकडे यायची, पत्ते खेळायला. चौतीस वर्षं. दोघी एकमेकींना लबाड म्हणायच्या, भांडायच्या, पुन्हा पिसायच्या. वहिनीचा मुलगा तेव्हा चार वर्षांचा होता. आता तो लिफ्टचा मेकॅनिक आहे, आणि त्याच्याइतका सावकाश माणूस मी बघितला नाही. तीनदा तपासल्याशिवाय बटण दाबणार नाही. का नाही असणार? शाळेत पळत सुटला तरी लोक म्हणायचे, ‘बापावर गेलाय, घाईचा!’

वहिनीचं सगळं आयुष्य एका वाक्यावर अडकलं होतं. पत्ते वाटता वाटता ती कधीतरी म्हणायची, ‘कुणीतरी एकदा म्हणावं हो, त्यानं घाई केली नव्हती. माझ्या पोरासमोर म्हणावं. मग मी मरायला मोकळी.’ तसं ती म्हणाली की मावशीचा हात थांबायचा. मला वाटायचं, तिलाही वाईट वाटतंय. वाटतच होतं. पण मला कळलं ते अर्धंच.

माझ्या त्या दोन ओळींवर तिसऱ्या दिवशी डॉक्युमेंट्रीवाल्यांचा फोन आला. मग एक चष्मेवाली मुलगी आली. गोड बोलायची, मावशीच्या पायाशी बसायची, दर वाक्यात ‘तुमचा प्रवास’. मावशी म्हणाली, ‘प्रवास कसला, मी स्टुलावर बसून होते.’ मी हसले. मुलगी हसली नाही, तिनं ते लिहून घेतलं.

मावशी तयार होणार नाही असंच मला वाटत होतं. ती त्या दिवसाबद्दल कधी बोलायचीच नाही. पण तिनं दोन दिवस विचार केला आणि कपाटाच्या खालच्या खणातून वही काढून स्वतःच दुकानात घेऊन आली. मी त्या पानाच्या दोन प्रती काढल्या. तिसरा टेक: ‘उडी चांगली. कोपरा दिसतो, सांगितलं. एनजी.’ चौथा टेक: ‘गादी दोन हात मागे. रुमाल. उडी.’ पुढे शेऱ्याचा रकाना कोरा. एकतीस वर्षांच्या वह्यांमध्ये तेवढा एकच रकाना कोरा असेल.

‘मावशी,’ मी ओरडलेच, ‘अगं, इथे तर रुमाल आधी आणि उडी नंतर आहे! त्यानं घाई केलीच नव्हती. हे तू इतकी वर्षं कपाटात ठेवलंस?’

‘त्या वेळी कंपनीनं वही मागितली होती. मी हरवली म्हणून सांगितलं.’

‘आणि वहिनीला?’

तिनं वही मिटून घेतली. मला तिचा भयंकर राग आला. मी म्हटलं, ‘आता तरी बोल. मन घट्ट कर आणि सगळं सांग.’

‘सगळंच सांगणार आहे,’ ती म्हणाली.

शूटिंग आमच्याच घरी झालं. पाच माणसं, तीन दिवे. पडदे काढले, कॅलेंडर काढलं, आवाज येतो म्हणून फ्रिज बंद केला. मी खोकते म्हणून मला स्वयंपाकघरात बसवलं, दार लावून. बाहेर मावशी अडीच तास बोलत होती. मग कुणीतरी हळूच म्हणालं, ‘पाणी द्या त्यांना.’ माणसं गेली ती फ्रिज चालू करायला विसरूनच. दूध नासलं, माझा तिळपापड झाला. आणि मावशी? ती कॉटवर आडवी झाली होती. दुपारी कधी न झोपणारी बाई तीन तास गाढ झोपली. उठल्यावर म्हणाली, ‘सांगून टाकलं एकदाचं. आता वहिनी बघेल. मला तोंडानं सांगायला नको.’

मी म्हटलं, ‘चांगलं झालं.’ काय सांगितलं, ते मी विचारलंच नाही. मला वाटलं, मला माहीत आहे.

चार महिन्यांनी शनिवारी सकाळी डॉक्युमेंट्री आली. मी दुकान बंद ठेवलं. आम्ही दोघीच. मावशीनं इस्त्रीचे कपडे घातले होते, जणू पडद्यावरची माणसं तिला बघणार होती. अठ्ठेचाळीस मिनिटांची फिल्म, त्यात पारव्याची अकरा मिनिटं. आधी जुन्या पिक्चरमधली उडी दाखवली. बाई गं, काय उडी होती! मग मावशी. मग पान, पडदाभर मोठं, माझ्याच मशीनवरून निघालेलं. आणि मागून भारदस्त आवाज: ‘गादीचा कोपरा दिसतो, असं दिग्दर्शकानं सांगितलं. एका कोपऱ्यासाठी त्यानं माणसाचा जीव पणाला लावला.’ तो दिग्दर्शक मरून नऊ वर्षं झालेली. शेवटी मावशी म्हणते, ‘रुमाल खाली आला, मग त्यानं उडी मारली. त्यानं घाई केली नव्हती.’ संपलं.

मी टाळ्या वाजवल्या. खरंच वाजवल्या. मावशीनं रिमोट घेतला, मागे नेलं, पुन्हा बघितलं. पुन्हा मागे नेलं.

‘कापलं,’ ती म्हणाली.

‘काय कापलं?’

‘कोपरा दिसतो, हे मी सांगितलं होतं.’

मला क्षणभर कळेचना. मग तिनं सांगितलं, वही वाचावी तसं, एकेक करून. तिसरा टेक उत्तम झाला होता. दिग्दर्शक ‘ओके’ म्हणायला तोंड उघडत होता. कॅमेरामननं तर काम झालं म्हणून कॅमेऱ्यावर कापड टाकलं होतं. आणि ही सत्तावीस वर्षांची नोंदबाई स्टुलावरून उठून म्हणाली, ‘खाली गादीचा कोपरा दिसतो.’ कॅमेरामन म्हणाला, ‘अगदी कडेला आहे, चालेल.’ ही म्हणाली, ‘दिसतो तो दिसतोच.’ दिग्दर्शक म्हणाला, ‘मग घ्या गादी मागे.’ पारव्याला खालून ओरडून सांगितलं, दोन हात लांब मार. त्यानं अंगठा दाखवला.

‘सगळे माझ्याकडे बघत होते,’ मावशी म्हणाली. ‘मला बरं वाटलं होतं. कुणाला दिसलं नाही ते मला दिसलं, म्हणून.’

मी त्या चष्मेवालीला फोन लावला आणि तोंडाला येईल ते बोलले. ती शांतपणे म्हणाली, ‘ताई, त्या स्वतःला फार दोष देत होत्या. बघणाऱ्यांना ते जड जातं. लोकांना कुणीतरी एकच जण लागतो.’ मी म्हटलं, ‘मग तुम्हाला मेलेलाच बरा सापडला!’ आणि फोन आपटला. पण आपटून काय होणार? संध्याकाळपर्यंत फिल्म हजारो लोकांनी बघितली होती. औषधवाल्यानं मावशीला रस्त्यात थांबवून हात जोडले. शिंपीण म्हणाली, ‘धाडसाची बाई हो तुम्ही!’ मावशी मान खाली घालून घरी आली.

दुसऱ्या दिवशी रविवार. मी म्हटलं, ‘मावशी, झाकली मूठ राहू दे. पानावर नुसतं ‘सांगितलं’ आहे. कुणाला कळणार आहे? तुला माझी शपथ.’ तिनं कपाट उघडलं. पत्ते काढून ठेवले.

वहिनी चारच्या आधीच आली. आली ती चपला न काढताच आत, आणि मावशीच्या गळ्यात पडली. ती बाई रडत होती आणि हसत होती. ‘ताई, माझ्या पोरानं आठ वेळा बघितली! काल कामावर सगळ्यांना दाखवली. रात्री जेवताना म्हणाला, आई, बाबांनी घाई नाही केली. चौतीस वर्षांत पहिल्यांदा तो बाबा म्हणाला हो. तुमचे पांग कसे फेडू मी?’

मावशीनं तिला खुर्चीवर बसवलं. मी दारात उभी होते. मनात म्हणत होते, गप्प बस, बाई, एवढी एक वेळ गप्प बस.

‘वहिनी,’ मावशी म्हणाली, ‘कोपरा दिग्दर्शकाला दिसला नव्हता. मला दिसला. मी सांगितलं.’

वहिनीला आधी कळलं नाही. मावशीनं सगळं पुन्हा सांगितलं, जसं मला सांगितलं तसंच. कॅमेऱ्यावर टाकलेलं कापडही सांगितलं. वहिनी पत्त्यांच्या गठ्ठ्याकडे बघत होती. मग तिनं विचारलं, ‘काल जी उडी दाखवली, पिक्चरमधली, ती कितवी?’

‘तिसरी. चौथी वापरता येणार नव्हती.’

‘तिच्यात मला गादी कुठे दिसली नाही.’

मी डोळे मिटले. एक शब्द खोटा बोलायचा होता. ‘तुमचं लक्ष नसेल’ म्हटलं असतं तरी चाललं असतं.

‘नाही दिसत,’ मावशी म्हणाली. ‘पडद्यावर खालची कड कापली जाते. मी पहिल्याच दिवशी थिएटरात जाऊन बघितलं. कोपरा दिसत नाही.’

वहिनी उठली. चपला पायातच होत्या, त्यामुळे तिला निघायला काही वेळ लागला नाही. दारात मी वाट दिली. तिनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. उंबऱ्यापलीकडे जाऊन ती वळली. आवाज चढवला नाही, हेच मला सहन होईना.

‘माझ्या मुलाला हे सांगायचं नाही,’ ती म्हणाली. ‘त्याला त्याचा बाप आता मिळालाय. त्यात तुम्ही येऊ नका.’

‘नाही सांगणार,’ मावशी म्हणाली. आणि मग, लहान मुलीसारखं, ‘रविवारी याल ना?’

वहिनी जिना उतरून गेली. पुढच्या रविवारी ती आली नाही, त्याच्या पुढच्याही नाही. मावशी मात्र पावणेचारला टेबल पुसते. मी एकदा ओरडले, ‘कशाला जीव जाळतेस?’ तर म्हणाली, ‘धूळ बसते म्हणून पुसते.’ मी स्वयंपाकघरात जाऊन रडले. त्या जाहिरातीखाली दोन ओळी लिहिल्या नसत्या तर आजही दोघी एकमेकींना लबाड म्हणत बसल्या असत्या. मावशी म्हणते, तुझा दोष नाही. मला ते पटत नाही, आणि तिलाही तिचं कुणी सांगून पटत नाही. एकाच घरात दोघींचं हे असं चाललंय.

दोन महिन्यांनी वहिनीचा मुलगा माझ्या दुकानात आला. सकाळची वेळ, मावशी जेवणाचा डबा द्यायला आलेली. त्याला बघून ती उठून उभी राहिली. तो वाकून तिच्या पाया पडला. आत्या म्हणतो तो तिला, लहानपणापासून.

‘आत्या, आई हल्ली तुमच्याकडे येत नाही. गुडघे दुखतात म्हणते.’

‘हो ना, जिना आहे आमचा,’ मावशी म्हणाली.

त्याला वहीचं ते पान मोठं करून हवं होतं, बाबांच्या फोटोशेजारी लावायला. मावशीनं मान डोलावली. मी प्रत आणून काचेवर ठेवली. मशीनमधून मोठा कागद सरकत बाहेर आला. त्यानं तो दोन्ही हातांनी धरला आणि वाचायला लागला. सावकाश, त्याच्या पद्धतीनं, एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा त्याचं बोट एका जागी थांबलं.

‘आत्या,’ तो म्हणाला, ‘इथे ‘कोपरा दिसतो, सांगितलं’ एवढंच आहे. दिग्दर्शकानं सांगितलं, असं कुठे लिहिलेलं नाही. फिल्ममध्ये मात्र तसं म्हणतात.’ त्यानं वर बघितलं. तीनदा तपासणारा माणूस तो, लोक म्हणायचे ती बापाची घाई त्याच्यात नव्हतीच कधी. ‘कुणी सांगितलं होतं?’

मी मशीनचं झाकण दाबून धरलं. मावशीनं डोळे अर्धवट मिटले, नेहमी मिटते तसे. मला माहीत होतं तिला काय दिसतंय. गच्ची, खाली गादी, कॅमेऱ्यावरचं कापड, तिच्याकडे वळलेले सगळे चेहरे, आणि तिच्या मुठीतलं पारव्याचं घड्याळ.

मग तिनं डोळे उघडले.

‘आठवत नाही रे, बाळा,’ ती म्हणाली.